ज्या दिवसाची भाकर त्या दिवसाला

बाळा, सलाम.

तुझं पत्र दोनदा वाचलं. सोमवारपासून आयसीयूत नाइट ड्यूटी, आणि तू लिहितेस, "तीन वर्षं कशी निघणार कळत नाही." नोकरीचा बॉण्ड तीन वर्षांचा आहे, मान्य. पण भीतीसुद्धा तीन वर्षांची एकरकमी उचलायची, असं त्या कागदावर लिहिलंय का?

बायबलमधल्या निर्गमाचा १६वा अध्याय पुन्हा काढ, मोशेबरोबर रानातून चाललेल्या इस्राएल लोकांना देव रोज मान्ना देतो तो. संडे स्कूलमध्ये मान्ना म्हणजे आकाशातून पडलेला खाऊ, एवढंच आपल्या डोक्यात बसलं. त्यातले नियम मात्र एखाद्या कडक मेट्रननं घालावेत तसे आहेत. माणशी १ ओमर, म्हणजे साधारण २ लिटरचं माप. सकाळीच वेचायचा, कारण ऊन चढलं की वितळायचा. दुसऱ्या दिवसासाठी राखून ठेवला तर किडे पडायचे, घाण सुटायची. तरी काहींनी ठेवलाच. आपण तरी काय केलं असतं? शब्बाथाच्या, म्हणजे विसाव्याच्या दिवसाच्या, आदल्या दिवशी मात्र दुप्पट वेचायचा, आणि तो नासायचा नाही. तेव्हा पगारातून चार पैसे बाजूला टाकतेस ते टाकत राहा, त्याबद्दल मी काही म्हणत नाही.

मला त्यातलं जमिनीवर पडणं फार आवडतं. मान्ना कुणाच्या तोंडात पडत नव्हता. छावणीबाहेर, धण्याच्या दाण्यासारखा बारीक, वाकून वाकून गोळा करावा लागायचा. 'देव सांभाळून घेईल' म्हणत औषधांचे डोस पाठ न करणाऱ्या मुली मी पाहिल्यात, आणि त्यांना चांगलं फैलावर घेतलंय. डोस पुन्हा तपासणं, न कळलेलं न लाजता विचारणं, हे आपलं वाकणं.

माझी पहिली नाइट सांगते. मुलांचा वॉर्ड होता. जुलाबांनी सुकलेलं दीड वर्षाचं पोर, ड्रिप लावायची, आणि शीर सापडेना. दोनदा टोचलं. आई माझ्याकडे बघतेय, माझे हात थरथरतायत. प्रार्थनासुद्धा धड सुचली नाही, नुसतं "प्रभू" म्हटलं. आयाबाई मागे उभ्या होत्या. त्या म्हणाल्या, "बाई, पाय जरा ऊन फडक्यात धरा, मग बघा." त्यांनीच फडकं गरम पाण्यात पिळून आणलं. पाचेक मिनिटांनी शीर वर आली. धीर आपल्या छातीत कुठूनसा उतरेल म्हणून मी वाट बघत होते. तो आला अंगठा उठवणाऱ्या बाईच्या हातून, ओल्या फडक्यात. तेव्हापासून नव्या मुलींना मी आधी आयाबाईंची ओळख करून घ्यायला सांगते.

पंडिता रमाबाईंचंच बघ. १८९६-९७च्या दुष्काळात त्या मध्य प्रांतात गेल्या आणि उपाशी मुलींना घेऊन आल्या. केडगावला जमीन होती, पण राहायला धड इमारतीही नव्हत्या. १९००च्या आसपास तिथं दीड-दोन हजार जणी झाल्या. एवढ्या पोरींच्या जेवणाचा हिशोब १८८९ साली, मुंबईत विधवांसाठी शारदा सदन उघडताना, कुणी त्यांच्यापुढे मांडला असता तर? त्यांच्या धीटपणाबद्दल शंका नाही, पण तो कागद बघून मीच घरी परत गेले असते.

बायबलच्याच अनुवाद नावाच्या पुस्तकात, ८व्या अध्यायात, मोशे लोकांना सांगतो, या ४० वर्षांत तुमच्या अंगावरचे कपडे जीर्ण झाले नाहीत, तुमचे पाय सुजले नाहीत. हे तो शेवटी सांगतो, वाट सरत आल्यावर. मधल्या काळात रोज सकाळी पाय चाचपून "आजही सुजले नाहीत हं" असं कुणी म्हटलं असेल, असं मला वाटत नाही. पाण्यावरून, मांसावरून कुरकुरच चाललेली. (माझे मात्र चांगलेच सुजलेत. ३४ वर्षं उभ्यानं काम केलंय. तू पहिल्या पगारातून बरे बूट घे.)

तीन वर्षांचं उत्तर माझ्याकडे नाही. सोमवारचं थोडंफार आहे. दुपारी झोप काढ, फोन दुसऱ्या खोलीत ठेव. ड्यूटीच्या अर्धा तास आधी पोच. आधीच्या ड्यूटीच्या नर्सकडून ओव्हर घेताना नुसती मान डोलवू नको, प्रत्येक बेडपाशी जाऊन वहीत लिहून घे. पहाटे तीन-चारला मन फार खचतं. त्या वेळी नोकरी सोडायचा विचार आला तर सकाळी चहा घेतल्यावर पुन्हा कर. आणि घरून भाकरी बांधून ने. रात्री कॅन्टीन बंद असतं.

मंगळवारी उठलीस की फोन कर. तेव्हा मंगळवारचं बोलू.

तुझी,
मावशी