रसद ज्या वाटेने वर जाते, त्याच वाटेने जखमी खाली येतो

आपण विचारले आहे की युद्ध सुरू असताना हजारो सैनिकांना रोजचे अन्नपाणी कोण व कसे पोचवते, जखमींची व्यवस्था काय असते, आणि आपल्यासारख्यांनी खाऊची खोकी पाठवली तर त्यांचा उपयोग होतो का. मी आर्मी सर्व्हिस कोरच्या पुरवठा शाखेतून सुभेदार म्हणून निवृत्त झालो आणि आता ग्वाल्हेरला राहतो, म्हणून उत्तर देण्याचे धाडस करतो.

आमच्या भागाचे नावच लष्कर. १८१० च्या सुमारास दौलतराव शिंद्यांनी किल्ल्याच्या दक्षिणेला तळ दिला, तो पुढे उठलाच नाही आणि त्याचे शहर झाले. कंपू, शिंदे की छावणी, चिटणीस की गोठ ही मोहल्ल्यांची नावे त्या तळाचीच आहेत. फौजेमागे बाजार चालतो, हे इथे वेगळे सांगावे लागत नाही.

कामाची वाटणी थोडक्यात सांगतो. शिधा, इंधन आणि बरीचशी वाहतूक आर्मी सर्व्हिस कोरकडे असते. दारूगोळा, कपडे व साधनसामग्री ऑर्डनन्सकडे. दवाखाने व इस्पितळे आर्मी मेडिकल कोरकडे. कागदावर ही खाती वेगळी असली तरी शेवटच्या काही किलोमीटरवर ती सगळी एकाच खेचराच्या पाठीवर येतात, आणि खरी अडचण तिथेच असते. खेचरावर साधारण दोन मण, म्हणजे सत्तर-पंचाहत्तर किलो ओझे लादतात. दाणा-वैरण मिळून ते रोज सहा-सात किलो खाते असे धरले आणि वाटेत चारा नसेल, तर दहा-अकरा दिवसांत ते पाठीवरचे सगळे ओझे स्वतःच संपवते. म्हणजे जायला पाच आणि यायला पाच दिवस लागत असतील, तर वर पोचवायला काहीच उरत नाही. ट्रकच्या डिझेलचा हिशोबही याच जातीचा आहे. कोठारे भरलेली असूनही पुढची फौज उपाशी राहू शकते ती यामुळे.

पानिपत हे आपल्या घरातले उदाहरण. ऑक्टोबर १७६० मध्ये कुंजपुरा घेतल्यावर भाऊसाहेबांच्या हाती धान्याचा मोठा साठा आला होता. पण पुढे अब्दाली यमुना उतरून दिल्लीच्या वाटेवर आला, डिसेंबरात दुआबातून अब्दालीची रसद तोडणारे आणि आपल्याकडे पैसा-धान्य पाठवणारे गोविंदपंत बुंदेले मारले गेले, आणि त्यानंतर तळावर काय हाल झाले ते सर्वांना ठाऊक आहे. १४ जानेवारी १७६१ ला लढाई द्यावी लागली ती उपासमारीमुळे. यात्रेकरू, बायकामुले आणि बाजारबुणगे यांचा भार फौजेला नडला हे खरेच आहे. पण ‘बाजारबुणगे’ हा शब्द आपण शिवीसारखा वापरतो, ते मला पटत नाही. त्यांच्यातच वाणी होते, बैलांवरून धान्य आणणारे वंजारी होते आणि पखालीने पाणी घालणारे भिस्ती होते. त्या दिवशी पायाला जबर जखम होऊन पडलेल्या महादजींना राणेखान नावाच्या भिस्त्याने आपल्या बैलावर घालून वाचवले. तळाला पाणी पुरवणारा बैल परतताना जखमी घेऊन आला. सैन्याच्या पुरवठ्याचे सगळे शास्त्र मला या एका प्रसंगात दिसते. महादजींनी त्याला भाऊ मानले आणि पुढे तो त्यांचा सरदार झाला.

परतीच्या वाहनाने जखमी आणणे ही युक्ती चांगली असली, तरी आधी तयारी नसेल तर ती जिवावर बेतते. पहिल्या महायुद्धात सहावी पुणे डिव्हिजन, तीत मराठा पलटणीही होत्या, इराकमध्ये टायग्रिस नदीच्या काठाने वर चढत गेली. जखमींसाठी पुरेशा वेगळ्या बोटी नव्हत्या. नोव्हेंबर १९१५ च्या टेसिफॉनच्या लढाईनंतर जखमींना स्प्रिंग नसलेल्या खेचरगाड्यांतून नदीपर्यंत हिंदकळत आणले आणि गच्च भरलेल्या बोटी-बार्जांवरून बसऱ्याला पाठवले. कित्येकांच्या पट्ट्या दिवसेंदिवस बदलल्याच गेल्या नाहीत. मागे फिरलेली डिव्हिजन टायग्रिसकाठच्या कुत गावी तुर्की फौजेने वेढली. ताज्या भाजीअभावी हिंदी सैनिकांत स्कर्व्ही पसरला, विमानांतून थोडे धान्य टाकण्यात आले, २४ एप्रिल १९१६ च्या रात्री २७० टन सामान घेऊन निघालेली ‘जुलनार’ ही आगबोट वाटेतच शत्रूच्या हाती पडली, आणि २९ एप्रिलला शरणागती झाली. १९१७ च्या चौकशी आयोगाच्या अहवालाने हे सगळे बाहेर आले आणि भारतमंत्री ऑस्टिन चेंबरलेन यांना राजीनामा द्यावा लागला. त्याच युद्धात ग्वाल्हेरचे तेव्हाचे महाराज माधवराव शिंदे यांच्या पुढाकाराने ‘एम्प्रेस ऑफ इंडिया’ हे प्रवासी जहाज विकत घेऊन ‘लॉयल्टी’ या नावाने हिंदी सैनिकांसाठी इस्पितळ-जहाज करण्यात आले होते, हेही ग्वाल्हेरकर म्हणून नोंदवून ठेवतो.

दुसऱ्या महायुद्धात ब्रह्मदेशाच्या आघाडीवर १९४३ साली एका जखमीमागे १२० आजारी माणसे मागे न्यावी लागत होती, मुख्यतः मलेरिया व अतिसारामुळे. तिथले सेनापती जनरल स्लिम यांनी मलेरियावरची मेपाक्रिनची गोळी रोज घेतली जाते की नाही याची अचानक तपासणी सुरू केली आणि ज्या पलटणीत ती पुरेशी घेतली जात नव्हती, तिथल्या प्रमुखांना घरी पाठवले. १९४४ मध्ये इंफाळला वेढा पडला, तेव्हा डाकोटा विमाने धान्य व दारूगोळा घेऊन उतरत आणि जखमींना घेऊन उडत. समोरचे जपानी जेमतेम तीन आठवड्यांच्या शिध्यावर डोंगर ओलांडून आले होते आणि शेवटी उपासमारीनेच मागे फिरले. (डास पळवणारे डीईपीए हे रसायन आमच्या ग्वाल्हेरच्याच संरक्षण प्रयोगशाळेत तयार झाले.)

माझा स्वतःचा अनुभव लडाखकडचा. हिवाळ्यात लडाखच्या वाटेवरची झोजिला खिंड बंद होत असे, त्यामुळे पीठ, डाळ, रॉकेल, डबे, सगळा साठा उन्हाळ्यात व शरदातच वर चढवून ठेवावा लागे. तिथे अंडे गोठून दगड होते आणि बटाटा गोठला की शिजवल्यावर गोडसर लागतो. एकदा लादणी माझ्या देखरेखीखाली होती आणि रॉकेलचा जेरीकॅन पिठाच्या पोत्याला लागून बांधला गेला. झाकण किंचित सैल होते. खाली कोणाच्या लक्षात आले नाही. वर चौकीवर दुसरे पीठ पोचायला अठरा दिवस लागले आणि तोवर तिथले जवान रॉकेलच्या वासाच्या पोळ्या खात होते. कोणी लेखी तक्रार केली नाही. परतलेल्या खेचरवाल्याच्या हाती फक्त एक पोळी कागदात गुंडाळून माझ्याकडे पाठवली. त्यानंतर निवृत्तीपर्यंत प्रत्येक झाकण मी स्वतः पिळून पाहत असे.

जखमीचा प्रवास असा होतो: शेजारचा जवान आपल्याकडील पट्टीने रक्त थांबवतो, स्ट्रेचरवरून त्याला पलटणीच्या एड पोस्टवर डॉक्टरकडे नेतात, तिथून ड्रेसिंग स्टेशन, मग फील्ड हॉस्पिटल आणि शेवटी बेस हॉस्पिटल. प्रत्येक टप्प्यावर पुढचा प्रवास सोसेल एवढेच उपचार करतात आणि कोणाला आधी हलवायचे ते ठरवतात. १९९९ च्या कारगिल युद्धात सर्वांत अवघड टप्पा पहिलाच होता, कारण कड्यावरून एक जखमी उतरवायला अनेक माणसे आणि कित्येक तास लागत. खाली आल्यावर हेलिकॉप्टर त्याला श्रीनगरच्या इस्पितळात लवकर पोचवत असे.

आता खोक्यांविषयी. अनोळखी पलटणीच्या नावाने लाडू-चिवडा पाठवू नये. तो तळावर साचतो, खराब होतो आणि त्याची निवड-टाक करायला माणसे अडकतात. रक्तदान जवळच्या रक्तपेढीत करावे. आपला माणूस तिकडे असेल तर मात्र पत्र अवश्य लिहावे: क्रमांक, हुद्दा, नाव, पलटण, आणि खाली ५६ किंवा ९९ एपीओ (लष्करी टपाल कार्यालय), जे त्याने कळवले असेल ते. ठिकाणाचे नाव लिहू नये. डाकेची थैली आम्ही ओझ्याच्या सर्वांत वर बांधत असू, कारण वर पोचल्यावर पहिला हात तिलाच लागत असे.