गणितातलं पक्षांतर

धरमपेठेतल्या एका ताईंचा प्रश्न आहे: शेजारचा मुलगा हिंदी माध्यमात शिकतो, त्याच्या गणिताच्या वहीत 'पक्षांतरण' दिसलं. राजकारणातला शब्द समीकरणात कसा शिरला? आणि मराठीत त्याला काय म्हणायचं?

ताई, शिरला वगैरे काही नाही. गणितातला पक्ष आपल्या राजकीय पक्षांहून कितीतरी जुना. भास्कराचार्यांच्या 'बीजगणिता'त (इ.स. ११५०) समीकरणाच्या दोन बाजूंना पक्षच म्हटलंय. पक्ष म्हणजे मुळात पंख. आपली पुस्तकं 'डावी बाजू, उजवी बाजू' म्हणतात. हा बाजू फारसीतला, तिथे त्याचा अर्थ दंड, बाहू. म्हणजे संस्कृतात समीकरणाला पंख, मराठीत हात!

समीकरणातलं पद एका बाजूकडून दुसरीकडे नेण्याच्या या क्रियेला मराठीत वेगळं नाव आम्ही वर्गात कधी ऐकलंच नाही. "पलीकडे नेला" एवढंच. आमचे सर अस्सल नागपुरी थाटात सांगत, "तिकडे गेला का चिन्ह पलटते." हिवाळी अधिवेशनाच्या दिवसांत हेच वाक्य टपरीवर कानी पडलं, तर बीजगणित कुणाच्याही मनात येणार नाही.

पण या 'पलीकडे नेण्या'वर माझा राग आहे. क्ष + ७ = १२ मधले सात उठून कुठेही जात नाहीत. दोन्हीकडून ७ वजा केले, म्हणून क्ष = ५ उरला. भास्कराचार्यांचे शब्द इथे नेमके आहेत: 'एकाव्यक्तं शोधयेदन्यपक्षात्'. अव्यक्त म्हणजे आपला क्ष. आणि 'शोधयेत्' वाचून मराठी माणूस फसतो. इथे शोधायचं काही नाही, वजा करायचं आहे. एका पक्षातलं अव्यक्त दुसऱ्यातून वजा करा, सुट्या संख्या उलट दिशेने वजा करा.

त्यांचंच उदाहरण घ्या. एकाकडे ६ घोडे आणि ३०० रुपये, दुसऱ्याकडे १० घोडे पण डोक्यावर १०० चं कर्ज. दोघांची संपत्ती सारखी, घोडे एकाच किमतीचे. ६क्ष + ३०० = १०क्ष − १००. दोन्हीकडून ६क्ष काढले, दोन्हीकडे १०० मिळवले: ४०० = ४क्ष.

'चिन्ह पलटते' घोकलेलं पोर नेमकं इथे घसरतं. चार पलीकडे नेतं आणि क्ष = ४०० − ४ लिहून मोकळं होतं, नाहीतर ४०० ला उणे चारने भागतं. भास्कराचार्यांच्या त्याच श्लोकात मात्र या पायरीला क्रियापदच निराळं आहे, 'उद्धरेत्', म्हणजे भागावे. घोडा १०० रुपयांचा.

तेव्हा ताई, नाव हवंच असेल तर 'पक्षांतर' खुशाल म्हणा, मराठीत ते परकं नाही. वहीत मात्र 'दोन्ही बाजूंतून ७ वजा करू' असं अख्खं वाक्य लिहून घ्या. ओळ वाढते, वाढू द्या.