मुदत लांबवली, चेन पण लांबवली?

प्रश्न : पेपरात एकाच पानावर दोन बातम्या होत्या, वरती फॉर्म भरायची मुदत लांबवली आणि खाली चोरट्यांनी बाईंच्या गळ्यातली चेन लांबवली. लेक विचारते, आई, मुदत पण चोरली का गं? शब्द एकच आहे का, आणि मूळ संस्कृत की फारसी?
– एक वाचक, पंचवटी, नाशिक

उत्तर : लेकीला आमच्याकडून शाब्बास सांगा. शब्द एकच, आणि तो संस्कृत 'लम्ब्' वरून आलाय, म्हणजे लटकणं. लंबोदर, विलंब, अवलंबून, कोर्टातली प्रलंबित केस, सगळं एकाच घरातलं. लटकतं ते खाली लांबडं दिसतं, तिथून लंब, मग प्राकृतातून मराठीत येता येता लांब, आणि त्याला 'वणे' लावलं की लांबवणे, वाढणे-वाढवणे सारखंच.

आता चेनचं. मराठीत काठी पण लांब असते आणि पंचवटीवरून त्र्यंबक पण लांब असतं, हिंदीवाले तिथे लंबा आणि दूर असे दोन शब्द वापरतात. मुदत लांबवली म्हणजे लांबडी केली, चेन लांबवली म्हणजे मालकिणीपासून लांब नेली, इतकंच.

खरा घोळ मला वेळेच्या अर्थातच दिसतो. लग्न लांबलं म्हणजे पुढे गेलं, पण भाषण लांबलं म्हणजे संपेचना. आणि पावसाला तर दोन्ही लागू, निफाड-दिंडोरीकडच्या द्राक्षवाल्यांना विचारा, जूनमध्ये पाऊस लांबला म्हणजे अजून आलाच नाही आणि ऑक्टोबरात लांबला म्हणजे जायचं नाव घेत नाही, मग छाटणी अडकते आणि ज्याची झालीय तो डावणी या वेलीवरच्या रोगाच्या भीतीने फवारण्या मारत बसतो. महिना सांगितल्याशिवाय कळणारच नाही कोणता लांबला! म्हणून नोटिशीत नुसतं 'परीक्षा लांबली' लिहिणाऱ्यांचा मला राग येतो, सरळ 'पुढे ढकलली' लिहा की.

फारसीचं म्हणाल तर ती मुदतीत सापडेल. मुदत मूळची अरबी, फारसीतून आपल्याकडे आली, आणि तिच्या धातूचा अर्थच ताणणं, वाढवणं असा आहे (मदत पण त्याच धातूची बरं का), म्हणजे मुदत लांबवणे हे ताणलेलंच परत ताणणं झालं. 'लांबणीवर टाकणे' मात्र बिनधास्त वापरा, त्याचा अर्थ पुढे ढकलणे एवढाच.