लेस्टरचं इंग्रजी शिकून यावं लागते का, म्हणून विचारणाऱ्या भावासाठी

भाऊ, तू विचारलं की बायको-पोराला घेऊन इंग्लंडमधल्या लेस्टरला जाऊन राहिलो, तिथलं बोलायचं इंग्रजी समजते का, आधी काही शिकून घ्यावं लागते का. व्हिसा, हेल्थ सरचार्ज वगैरे मी सांगत नाही, ते सगळं सरकारी साइटवर लिहून आहे. मी नागपूरच्या महालातला, इथं लेस्टरला 9 वर्षं झाली. तुझा प्रश्न काल रात्री वाचला अन् झोपच नाही आली बे.

पहिली गोष्ट, "यू ऑलराइट?" हा प्रश्न नाहीच, तो नमस्कार आहे. मी पहिले दोन महिने ऑफिसात खरंखुरं उत्तर देत होतो, गुडघा दुखते, हीटर बंद आहे, बँक म्हणते पत्त्याचा पुरावा आण अन् घरमालक म्हणते आधी बँकेचं खातं दाखव. समोरचा हातातला कप घेऊन हळूहळू मागे सरकायचा. आपणही "ऑलराइट" म्हणायचं अन् निघायचं, बस. अन् साहेब "क्वाइट गुड" म्हणाला तर लगेच घरी फोन नको लावू. मी लावला होता. इथं त्याचा अर्थ बरेचदा 'ठीक आहे, इतकं काही खास नाही' असा निघते.

बाकी गावचे शब्द आपोआप येतात. कॉब म्हणजे गोल पाव, जिटी म्हणजे दोन घरांमधली बोळ, मार्डी म्हणजे तोंड फुगवून बसलेला. दुकानातली बाई "मी डक" म्हणाली तर ते लाडाचं आहे, आपल्या "बाबू"सारखं. टी म्हणजे संध्याकाळचं जेवण. शेजारणीनं पोराला टीसाठी बोलावलं, आम्ही वरणभात खाऊ घालून पाठवलं, तिनं ताट भरून वाढलं अन् पोट्टं नुसतं बसून राहिलं.

पण खरं दुखलं ते शाळेचं. चिठ्ठी आली, शुक्रवारी मुफ्ती डे, एक पाउंड आणावा. मी म्हटलं मुफ्त म्हणजे फुकट, मग पाउंड कशाचा? चूक झाली असेल म्हणून दिलाच नाही, अन् पोराला टाय आवळून युनिफॉर्ममध्ये पाठवलं. मुफ्ती म्हणजे युनिफॉर्म सोडून साधे कपडे. मूळ शब्द अरबी, इंग्रजांच्या फौजेतून इकडं आला. अन् माझे सख्खे मामा पोलिसात होते, ड्यूटीवर मुफ्तीत जायचे, मला तेव्हा आठवलं नाही! अख्ख्या वर्गात हा एकटा टायमध्ये. त्यात अ‍ॅडमिशनच्या फॉर्मवर घरची भाषा मराठी लिहिली होती, तर त्याला वर्षभर ज्यांना इंग्रजी येत नाही त्यांच्या गटात बसवलं. नागपुरात हा पोरगा इंग्लिश मीडियमला होता, गोष्टीची पुस्तकं वाचत होता. मी भांडलो नाही. भांडायला जे इंग्रजी लागते ते माझ्याजवळ नव्हतं, ऑफिसचं होतं.

एकदा ऑफिसात एक बाई म्हणाली, आय हॅव गॉन डूलॅली, म्हणजे डोकं फिरलं. घरी येऊन शोधलं तर काय, नाशिकजवळचं आपलं देवळाली! तिथल्या छावणीत गोरे शिपाई परतीच्या जहाजाची वाट पाहत पडून राहायचे, अन् डोकं फिरलं की त्याला म्हणायचे डूलॅली टॅप, त्यातला टॅप म्हणजे आपला ताप. दुसऱ्या दिवशी मी मोठ्या हौसेनं सगळ्यांना सांगितलं. "ओह, लव्हली," म्हणाले अन् परत मोबाइलमध्ये.

एकटेपणाचं विचारलं तर, बेल्ग्रेव्ह रोडवर गुजराती दुकानं आहेत, सगळं मिळते. विषय संपला.

मागच्या दिवाळीत घरी गेलो होतो. पोट्टं आजोबांच्या सायकलीजवळ गेलं अन् म्हणालं, मला क्रॉगी द्या ना. बाबा माझ्याकडे पाहून राहिले. मी सांगितलं, डबलसीट म्हणते तो. (डबलसीटही इंग्रजीच म्हणा, पण आपलं.) दोघं गांधीसागर तलावापर्यंत जाऊन आले. आल्यावर बाबा त्याला विचारून राहिले होते, क्रॉगीच म्हणायचं ना? अन् तो हसून हसून त्यांना परत परत म्हणायला लावत होता. माझ्याशी तो असा बोलत नाही. मी जास्त विचारलं की म्हणते, डोंट बी मार्डी, डॅड.

हो, एक राहिलंच. शाळेच्या फॉर्मवर घरच्या भाषेचा रकाना येईल, तिथं काय लिहायचं ते बायकोशी बोलून ठरव. मला विचारू नको, मी अजून ठरवू नाही शकलो.