जुनी जाऊ म्हणतीय, ये राहायला

"मावशी, माझं वय 59, कोल्हापुरात शिवाजी पेठेत राहते. 34 वर्षांच्या संसारानंतर गेल्या वर्षी परस्पर संमतीनं काडीमोड झाला. आता भाड्याच्या दोन खोल्यांत एकटी. मुलीनं नेटफ्लिक्स लावून दिलंय, त्यावर 'ग्रेस अँड फ्रँकी' बघते, पोट धरून हसते आणि बंद केलं की रडू येतं. माझी धाकटी जाऊ माझ्या आधीच त्या घरातनं बाहेर पडली. राजारामपुरीत तिचा स्वतःचा फ्लॅट आहे, म्हणती भाडं कशाला भरताय, या इकडं. पण आमचं जन्मात पटलं नाही. चटणी कुटायची म्हटलं की ती खोबरं वाढवायची नि मी लसूण, सासूबाई कायम तिच्या बाजूनं. भाव करायला मात्र तिच्यासारखी वस्ताद नाही. मुलगा म्हणतो लोक हसतील. काय करू? आणि मंगळसूत्राचं काय करू?"

ताई, रडू येतंय ते येऊ दे, 34 वर्षांचा संसार आहे, रिमोटनं बंद होणारा नव्हे. पण त्या सिरीयलमधलं काय घ्यायचं नि काय सोडायचं ते जरा बघूया, मी पण सातच्या सात सीझन बघितलेत, 94 भाग, 2015 ते 2022.

त्यातल्या ग्रेस नि फ्रँकी, दोघींचे नवरे वकील, एकाच ऑफिसात पार्टनर, आणि चाळीस वर्षं संसार केल्यावर सांगतात काय तर आमचं दोघांचं वीस वर्षं प्रेम आहे, आता आम्ही लग्न करणार. मग या बायका जातात कुठं? समुद्राकाठच्या बंगल्यात, जो दोन्ही कुटुंबांनी मिळून घेतलेला असतो. हे नीट लक्षात घ्या. तिथं कुणी कुणाची पाहुणी नाही, म्हणून तर त्या एकमेकींवर एवढ्या मोकळेपणानं खेकसतात. एक कडक इस्त्रीची, हातात दारूचा ग्लास, दुसरी चित्रं काढणारी, गांजा ओढणारी, त्यांचं तरी कुठं पटत होतं?

म्हणजे पटत नाही ही अडचणच नाही तुमची, फ्लॅट तिचा आहे ही अडचण आहे. फुकट राहिलात की चटणीत कितीही खोबरं पडू दे, तुम्ही गप्प बसणार, आणि गप्प बसायची सवय तुम्हाला काय कमी आहे!

तर जा, पण भाडं देऊन जा. आत्ता भरताय त्यापेक्षा कमी द्या, पण दर महिन्याला तिच्या खात्यात टाका आणि लिव्ह अँड लायसन्सचा करार करा, आपल्याकडं तो लेखी नि रजिस्टर केलेलाच लागतो, ऑनलाइन पण होतो. जावेला वाईट वाटेल, म्हणेल घरच्याघरी कसला कागद. तिला म्हणावं, घरच्याघरीच आपल्या दोघींचं काय झालं ते बघितलं की. आधी महिनाभर राहून बघा, तोवर तुमच्या खोल्या सोडू नका.

मुलगा लोकांचं सांगतोय, पण "आई, माझ्याकडं ये" असं तो म्हणालाय काय? पत्रात तरी कुठं दिसलं नाही मला. नसेल म्हणाला तर त्याला चहा द्या नि विषय बदला. ज्या कोल्हापुरात शाहू महाराजांनी 1919 सालीच बाईला छळणाऱ्याविरुद्ध कायदा केला, तिथं दोन जावा एका फ्लॅटमध्ये राहिल्या म्हणून हसणाऱ्यांना हसू दे खुशाल.

एक काम मात्र याच आठवड्यात करा. बँक, पोस्ट, एलआयसी, सगळीकडं नॉमिनी कोण आहे ते बघा. काडीमोड झाला म्हणून जुन्या नवऱ्याचं नाव आपोआप निघत नाही, फॉर्म भरून बदलावं लागतं. आणि पोटगीचं ठरल्याप्रमाणं येत नसेल तर कसबा बावड्याला कोर्टात जाऊन जिल्हा विधी सेवा प्राधिकरणात चौकशी करा, बाईचं उत्पन्न कितीही असू दे, वकील फुकट मिळतो.

सिरीयलमधल्या त्या दोघी सत्तरी ओलांडून धंदा काढतात, तोही म्हाताऱ्या बायकांसाठी व्हायब्रेटरचा (मुलगी शेजारी बसली असेल तर हा भाग जरा जपून लावा, नाहीतर पाणी प्यायला उठावं लागतंय). पुढं बसल्या जागेवरनं उचलून उभं करणारं कमोड काढतात, आणि ते बघताना माझे गुडघे लई खूश झाले. म्हणून तुम्ही पण काहीतरी काढाच असं मी म्हणणार नाही. काडीमोड झालेल्या प्रत्येक बाईनं पापड-लोणच्याचा धंदा टाकलाच पाहिजे असं एक खूळ निघालंय हल्ली. नाही टाकला तर काय बिघडलं? सकाळी रंकाळ्याला एक चक्कर मारा, दुपारी झोपा.

आता मंगळसूत्र. माहेरनं दिलेलं असू दे नाहीतर सासरनं घातलेलं, ते तुमचं स्त्रीधन आहे, हक्क तुमचा. ठेवावं वाटलं तर ठेवा, मोडावं वाटलं तर मोडा, पाटल्या करा नाहीतर एफडी. मोडणार असाल तर गुजरीत सराफांच्या एकाच दुकानात जाऊन मोकळ्या होऊ नका, दोन ठिकाणी वजन करा, काळे मणी घरीच काढून न्या आणि पावती घ्या. जावेला बरोबर न्या, भाव ती करेल.