पहिली डांगी गाय घेताय? मग एवढं बघा

दादा, डांगी घ्यायचं ठरवलंत, छान केलंत. पण रतीब घालायच्या हिशेबाने घेऊ नका. ही मुळात डोंगरातली, भातखाचरात राबणारे बैल देणारी जात. दूध घरापुरतं धरा.

खरेदीला अकोले तालुक्यातल्या राजूर किंवा इगतपुरीजवळच्या घोटीकडे जा, सोबत जाणता माणूस न्या. नवखे लोक पांढऱ्यावरचे काळे-तांबडे ठिपके बघून भुलतात. तुम्ही आधी खूर बघा: काळे, टणक, न फाटलेले. मग जनावर चालवून बघा. दुसऱ्या वेताची (दुसऱ्यांदा व्यायलेली), अंगाला हात लावू देणारी गाय पहिल्यांदा बरी.

हिच्या कातडीला तेलकटपणा असतो, त्यामुळे इगतपुरी-अकोले भागातला पाऊसही ती सोसते. म्हणून साबणाने घासून धुवायची हौस नको! गोठा मात्र कोरडा हवा.

सुरुवातीच्या नेहमीच्या चुका:
- दिवसभर दावणीला बांधणं. चरायला सोडा, नाहीतर खूर वाढतात.
- दूध वाढावं म्हणून एकदम पेंड वाढवणं. पोट बिघडतं.
- घटसर्प-फऱ्याची लस पावसाळा लागल्यावर आठवणं. ती मे महिन्यातच उरका.

माजावर आली की डांगीचाच वळू शोधा, किंवा डॉक्टरांकडे कृत्रिम रेतनासाठी डांगीचीच वीर्यकांडी मागा. निवड-पैदाशीचं पुढचं सगळं एक वेत झाल्यावर बोलू.