टॉक टॉक या ब्रिटिश बँडचे पहिले आणि शेवटचे अल्बम एकाच बँडचे वाटत नाहीत. मधे असं काय घडलं?

तुम्ही दोन टोकं ऐकलीत, म्हणून धक्का बसला. मधले तीन अल्बम क्रमाने ऐकले की वाट सापडते. गायक मार्क हॉलिस दर अल्बमगणिक काहीतरी काढून टाकत गेला.

१९८२चा 'द पार्टीज ओव्हर' त्या काळच्या सिंथेसायझर पॉपच्या वळणाचाच आहे. निर्माता कॉलिन थर्स्टन, म्हणजे ड्युरान ड्युरान या लोकप्रिय पॉप बँडचाही निर्माता, त्यामुळे तुलना झालीच. 'इट्स माय लाइफ'पासून (१९८४) टिम फ्रीझ-ग्रीन आला. निर्मिती, कीबोर्ड आणि हॉलिससोबत गाणी रचणं, सगळं त्याच्याकडे. 'द कलर ऑफ स्प्रिंग'मध्ये (१९८६) सिंथ मागे पडले. पियानो, ऑर्गन पुढे आले. हा अल्बम भरपूर खपला, आणि म्हणूनच त्यांच्या रेकॉर्ड कंपनीने, ईएमआयने, पुढच्या वेळी हात सैल सोडला.

त्यातून १९८८ साली 'स्पिरिट ऑफ ईडन' आला. लंडनच्या वेसेक्स स्टुडिओत दिवे जवळजवळ मालवलेले असायचे. पाहुणे वादक यायचे, सुचेल तसं वाजवायचे, आणि त्या तासन् तासांच्या रेकॉर्डिंगमधून मोजकेच तुकडे ठेवले जायचे. व्हायोलिनवर नायजेल केनेडी, डबल बासवर डॅनी थॉम्पसन अशी माणसं, तरी अल्बमभर गर्दी कुठेच जाणवत नाही.

पहिलंच गाणं घ्या. लांबून ट्रम्पेट येतो, तंतुवाद्यांची गुणगुण, मग काहीच नाही. ठेका लागायला चांगली दोन मिनिटं जातात. पुढे हार्मोनिका येते, चिरलेल्या घशाने ओरडल्यासारखी. मी हे प्रथम पंखा लावून ऐकलं आणि सुरुवात सगळी घरघरीत गेली. नंतर एका रात्री पंखा बंद करून हेडफोन लावले. दोन सुरांमधली ती जागा इतकी जपून मोकळी ठेवली आहे, की मी श्वाससुद्धा हळू घेत होतो.

कंपनीला यात विकण्याजोगं गाणं दिसेना, आणि प्रकरण कोर्टात गेलं. १९९१चा 'लाफिंग स्टॉक' दुसऱ्या कंपनीकडून आला, तोवर बासवादक पॉल वेबही गेला होता. त्यातलं 'न्यू ग्रास' जरूर ऐका: ली हॅरिस जवळजवळ दहा मिनिटं ड्रमवर एकच चाल धरून बसलाय, आणि बाकी सगळे त्या चालीवर अलगद येतात-जातात.

सुरुवात 'द कलर ऑफ स्प्रिंग'पासून करा. तिथून दोन्हीकडची पायवाट दिसते.